आजोबांचा मूकपट

श्रीनिवासरावांनी निवृत्तीचा सगळा पैसा शेअर बाजारात घालवला आणि पाठोपाठ कर्ज फेडायला कर्वेनगरचा फ्लॅटही विकावा लागला. सामान बांधताना माळ्यावर पत्र्याचे गंजके डबे निघाले, तसा भिंतीकडे तोंड करून पडलेला हा माणूस ताडकन उठून बसला.

"श्यामला, आजोबांनी काढलेला मूकपट! सावकार सगळं गमावतो आणि शेवटी दुपटीनं मिळवतो. दुसरी प्रत कुठेच नाही. लोक वाट्टेल ती किंमत देतील!"

श्यामलाबाईंनी नवऱ्याकडे पाहिलं. मागच्याच आठवड्यात ते खडकवासल्याला पाण्याच्या अगदी कडेला उभे होते. एका ओळखीच्या माणसानं गोड बोलून घरी आणून सोडलं होतं. आता निदान दोन घास पोटात जात होते. श्यामलाबाईंनीही देवापुढे हात जोडले.

जुन्या फिल्म दुरुस्त करणारा आमोद शनिवार पेठेत राहायचा. दोघं डबे घेऊन त्याच्याकडे गेले. त्यानं पहिला डबा उघडला. आत रीळ सडून झालेली तपकिरी भुकटी. दुसऱ्यातही तेच. उग्र वासानं श्यामलाबाईंनी नाकाला पदर लावला. शेवटच्या डब्यातलं रीळ मात्र त्यानं अलगद उजेडात धरलं.

"हे शाबूत आहे, काका."

श्रीनिवासराव भिंग घेऊन वाकले. पगडीवाला सावकार ओट्यावर बसला होता आणि त्याच्या घरातलं सामान लोक बाहेर काढत होते.

"पुढे? त्याचं वैभव परत येतं ते?"

"ते त्या भुकटीत गेलं. एवढ्याशा तुकड्याला गिऱ्हाईक मिळणार नाही. संग्रहालयाला देऊ, ते जपतील तरी."

"द्या," एवढंच म्हणून ते बाहेर पडले आणि जिन्यातच खाली बसले.

"तुझं गंठण लॉकरमध्ये नाही," ते जमिनीकडे बघत म्हणाले. "तेही विकून बाजारात घातलं."

मागून आलेल्या श्यामलाबाई दोन पायऱ्या उतरून त्यांच्यासमोर उभ्या राहिल्या. आईनं दिलेलं गंठण. नव्या भाड्याच्या घराचं डिपॉझिट त्यावरच भागणार होतं.

"शिव्या दे ना मला!"

"देणार आहे. जन्मभर देणार आहे. त्यासाठी तुम्ही जिवंत हवात. उठा, अहो."

ते कठडा धरून उठले. रस्त्यावर येईपर्यंत श्यामलाबाईंनी त्यांच्या शर्टाची बाही घट्ट धरून ठेवली होती. रिक्षावाल्यानं विचारलं, "कुठं?"

"कर्वेनगर," त्या म्हणाल्या. फ्लॅटचा ताबा अजून द्यायचा होता; तोवर घर तेच होतं.