मासळीच्या विळीला हवी काचेची पेटी

मी एक जुनी विळी आहे. मित्रांनो, विळी म्हटल्यावर तुमच्या डोळ्यांपुढे नारळ खोवत बसलेली कुणी आजी आली असेल, तर तिला आधी बाजूला बसवा. ती विळी वेगळी. मी मासळीची विळी. माझ्या टोकाला खोवणी नाही, कधीच नव्हती, आणि एवढ्याशा गोष्टीवरून पुढं मोठा गोंधळ झाला. तो सांगण्याआधी एक गोष्ट कबूल करते. माझा स्वभाव जळका आहे. दुसऱ्याचं कौतुक झालं की माझा तिळपापड होतो. पण माझी हकीकत ऐका आणि मग सांगा, तुम्ही माझ्या जागी असता तर काय केलं असतंत?

पालघरच्या बाजारामागे दामू लोहाराचं दुकान होतं. ट्रकच्या मोडक्या स्प्रिंगच्या पाट्याचं पोलाद तापवून त्यानं माझं पातं घडवलं आणि भेंडीच्या झाडाच्या लाकडी पाटात ठोकून बसवलं. मला न्यायला आली ती माहीमच्या, म्हणजे मुंबईच्या नव्हे, पालघरजवळच्या माहीमच्या कोळीवाड्यातली बाई. बाजारात मासळी विकून रिकामी पाटी घेऊन ती परत निघाली होती.

"खोवणी लावून देऊ का?" दामूनं विचारलं.

"नको रे बाबा. मासलीच्या विलीला खोवनी काय करायची? खोबऱ्याला वास लागंल ना!"

कोळ्यांच्या घरात विळ्या दोन असतात. एक भाजीची आणि नारळाची, ती स्वयंपाकघरात. दुसरी मासळीची, ती मागच्या पडवीत. हिनं तिकडं जायचं नाही, तिनं इकडं यायचं नाही. त्यामुळे आमची भेटच होत नसे आणि भांडणही होत नसे. मी पडवीत सुखानं नांदू लागले.

त्या बाईला दोन मुली. थोरली शालू, धाकटी जमना. आई पाय दुमडून माझ्या पाटावर बसली की जमना खेळायला पळायची. शालू मात्र माझ्यासमोर उकिडवी बसायची, इतकी जवळ की आई तिला ओरडायची, "मागं सर गो, नाक कापून घेशील!" ती मागं सरायची आणि पुन्हा पुढं यायची. तिचा प्रश्न रोज एकच असायचा.

"आय, हिच्या पोटान काय हाय?"

मग आई काम थांबवायची. मला जरा तिरपं करून मासळीचं पोट नीट उघडायची, पाणी ओतायची आणि म्हणायची, "बघ." दाढा नावाच्या मोठ्या माशाच्या पोटात गिळलेली मांदेली निघायची. घोळीच्या पोटात गाबोळी, म्हणजे अंड्यांची पिशवी, कधी टपोरी तर कधी नुसती सुरकुतलेली. शालू ती करवंटीत काढून घ्यायची आणि कधी भरलेली, कधी रिकामी असं का, म्हणून आईचा जीव खायची. मित्रांनो, तिची पहिली शाळा म्हणजे मी. गावातली शाळा नंतरची आणि पालघरचं कॉलेज त्याच्याही नंतरचं. मी हे छातीठोकपणे सांगते, मला छाती नसली तरी.

शालू शिकत गेली. एक दिवस मुंबईहून येताना तिनं पेटीतून एक पाहुणा आणला. पितळी नळी, काळी मान, काचेचा डोळा. त्याला सूक्ष्मदर्शक म्हणतात. शालूनं त्याला पुढच्या खोलीत खिडकीशी, आईच्या जुन्या साडीचं मऊ फडकं अंथरून बसवलं. माझ्या पाटाखाली कधी कुणी फडकं घातलं नव्हतं! त्या दिवसापासून माझ्या पोटात दुखायला लागलं.

ती सुट्टीत घरी यायची, पडवीत बसून माझ्यावर मासळी उघडायची, गाबोळीचा तुकडा काढायची आणि तो घेऊन त्याच्याकडं जायची. मग तासन्‌तास त्याच्या डोळ्याला डोळा लावून बसायची. उघडायचं मी, बघायचं त्यानं. चिकट पाण्यात उभं राहायचं मी, मऊ फडक्यावर बसायचं त्यानं. कोणती मासळी कोणत्या दिवसांत अंड्यांवर येते आणि तेव्हा ती किनाऱ्याजवळ कुठं असते, हे शालूनं वर्षानुवर्षं खपून शोधून काढलं. तिचं नाव परदेशात गेलं. डॉक्टर शालू तामोरे यांचा फोटो पेपरात छापून आला, तेव्हा फोटोत तिच्या शेजारी कोण होतं? तो पितळी नळीवाला. कानामागून आला आणि तिखट झाला.

काही वर्षांपूर्वी शालू गेली. तिनं लग्न केलं नव्हतं. घरात उरली जमना, आता सगळ्यांची जमनामावशी. आईच्या माघारी पाटावर तीच बसत होती. पुढच्या दोन खोल्यांचं छोटं संग्रहालय झालं आणि शालूच्या आयुष्यातल्या जागांची सहल सुरू झाली. दर रविवारी लोक पालघर स्टेशनाबाहेर जमतात. चारुता नावाची चुणचुणीत मुलगी त्यांना हिंडवते. शालू जिथं शिकली ते कॉलेज, तिची आई जिथं बसायची तो मासळीबाजार, मग रिक्षानं माहीम, गावातली शाळा, वाड्यांमधली पायवाट, बंदर, आणि शेवटी आमचं घर. चारुता सांगते छान. तिचा शब्द न्‌ शब्द मला पडवीत ऐकू यायचा, आणि म्हणूनच जास्त झोंबायचा.

"आणि हा तो सूक्ष्मदर्शक!" ती म्हणायची. लोक "वा!" म्हणायचे आणि त्याच्याबरोबर फोटो काढायचे. त्यानंतर सगळे मागच्या अंगणात जेवायला बसायचे. जेवणातली मासळी मी कापलेली असायची. बोटं चाटून खायचे, पण मी कोण, हे कुणी विचारत नव्हतं. पिकतं तिथं विकत नाही म्हणतात, ते काय खोटं?

एवढ्यावर भागलं असतं तरी मी गप्प बसले असते. पण संग्रहालयाची मांडणी करणाऱ्या कमलेशला वाटलं, शालूच्या आईचंही काहीतरी ठेवावं. विचार चांगला होता. कमलेश केळव्याकडच्या एका वाडीवाल्याचा मुलगा, घरात माळकरी मंडळी. त्यांच्या स्वयंपाकघरात विळी एकच, खोवणीची. त्याला वाटलं, विळी ती विळी. त्यानं पालघरच्या बाजारातून एक नवीकोरी, पितळी खोवणीची विळी आणली, जुनी दिसावी म्हणून तिला चहाचं पाणी लावलं आणि काचेच्या पेटीत सूक्ष्मदर्शकाशेजारी बसवली. चारुता बिचारी सांगू लागली, "याच विळीवर आई मासळी कापायची आणि छोटी शालू बघत बसायची."

याच विळीवर! जिनं आयुष्यात बोंबलाची शेपटीसुद्धा पाहिली नाही, तिच्यावर! घरची म्हणते देवा देवा, बाहेरचीला चोळी शिवा. मी पडवीत नुसती धुमसत होते. जमनामावशीनं ती विळी पाहिली, तोंडाला पदर लावून हसली आणि काही बोलली नाही. पोरानं हौसेनं आणलं, कशाला त्याला वाईट वाटू द्यायचं, असं तिला वाटलं असावं. मला वाईट वाटतंय याचा विचार तिच्या मनाला शिवला नाही. त्या दिवसापासून मला एकच गोष्ट हवी होती, ती काचेची पेटी.

आणि मित्रांनो, मला ती मिळाली.

एका रविवारी जेवणं झाल्यावर चारुता मावशीला मदत करायला पडवीत आली. मावशी उरलेली मुशी कापत होती. चारुता बघत राहिली आणि सहज म्हणाली, "मावशी, तुमची आईपण अशीच बसायची का? त्या आतल्या विळीवर?"

"त्या विलीवर? छे गो! ती भाजीची हाय. आयची विली ही. शालू हिच्यावरच शिकली."

चारुता चटकन उठली. तिचा चेहरा पडला होता. "म्हणजे इतके दिवस मी लोकांना खोटं सांगत होते? आणि तुम्ही बोलला का नाहीत?"

"तुमी एवढं झ्याक सांगता. मना वाटलं, राहू दे."

दुसऱ्याच दिवशी कमलेश धावत आला. त्यानं हात जोडले. "मावशी, चूक झाली माझी. आमच्याकडं एकच विळी असते हो, मला कळलंच नाही. ही विळी द्या. शालूताईंच्या नावाशेजारी हिचीच जागा आहे."

माझ्या पात्यातून कोण आनंद धावला! पण मावशी लगेच हो म्हणाली नाही. तिनं माझ्या पाटावरून हात फिरवला. तिच्या आईच्या आणि तिच्या बसण्यानं तो पाट गुळगुळीत झाला होता.

"ही नेली त मी कापू कशावर?" तिनं विचारलं.

"पेटीतली ती दुसरी तुम्ही घ्या. नाहीतर नवी आणून देतो."

मी मनातल्या मनात ओरडत होते, दे, दे गं मला! शेवटी ती म्हणाली, "शालूचं नाव झालं. आता हिचं पण होवं दे." आणि तिनं मला काथ्यानं घासून, पुसून त्याच्या हातात दिलं. देताना तिचे डोळे भरून आले होते. मी मात्र पेटीकडं बघत होते.

पेटीत जाण्याआधी एक काम होतं. संग्रहालयात लहान मुलं येतात, म्हणून धारदार वस्तू ठेवता येत नाही, असा नियम आहे. कमलेशनं कानस आणली आणि माझी धार घासून टाकली. मग वर चकचकीत रोगण चढवलं. मला त्याचं काही वाटलं नाही. नवरीला थोडं सोसावं लागतंच, असं मी स्वतःला समजावलं.

पहिला रविवार काय सांगू! चारुता माझ्यासमोर उभी राहून शालूचा प्रश्न सगळ्यांना सांगत होती. लोक वाकून वाकून बघत होते. फोटो निघत होते. मी दिमाखात शेजारी बसलेल्या सूक्ष्मदर्शकाकडं पाहिलं. इतक्या वर्षांनी पहिल्यांदाच मी त्याला जवळून बघत होते. त्याच्या काचेच्या डोळ्यावर बुरशी चढली होती. शालू गेल्यापासून त्याला काहीच दिसत नव्हतं. इतकी वर्षं मी ज्याच्यावर जळले, तो आंधळा होता.

मग बोईसरजवळच्या सालवडहून एका शाळेची मुलं आली. कारखान्यात काम करणाऱ्यांची मुलं, आपापसात हिंदी बोलणारी. चारुता सांगत होती आणि मुलं शहाण्यासारखी ऐकत होती. त्यांच्यात हिना नावाची एक लहानखुरी मुलगी होती. तिनं माझ्याकडं पाहिलं, काचेला नाक लावलं आणि लगेच मान फिरवली. मागच्या पडवीतून आवाज येत होता. कच्च, कच्च. तो आवाज मला पाठ आहे. तो माझा आवाज होता.

तिकडं ती दुसरी होती. मावशीनं लोहाराकडून तिची पितळी खोवणी काढून घेतली होती, पात्याला चांगली धार लावून घेतली होती आणि आता तिच्यावर घोळ कापत होती. हिना हळूच तिकडं गेली. मधल्या उघड्या दारातून मला पडवीतलं सगळं दिसत होतं. ती त्या विळीसमोर उकिडवी बसली, अगदी जवळ.

"मागं सर गो, नाक कापून घेशील!" मावशी म्हणाली. हिनाला शब्द कळले नसावेत, पण ती मागं सरली आणि पुन्हा पुढं आली.

"मौसी, इसके पेट में क्या है?"

मावशीचा हात थांबला. मग तिनं विळी जरा तिरपी केली, घोळीचं पोट नीट उघडलं, वरून पाणी ओतलं आणि म्हणाली, "बघ."

हिना किंचाळली, "अरे, इधर आओ सब!" आणि सगळी मुलं पळाली. त्यांच्यामागून त्यांच्या बाई गेल्या. चारुताही गेली. खोलीत आम्ही दोघंच उरलो, एक आंधळा आणि एक बोथट.

मित्रांनो, मी अजूनही जळते. आधी जळत होते ते मला जागा नव्हती म्हणून. आता जळते ते माझी जागा दुसरीला मिळाली म्हणून. तुमच्या घरी एखादं जुनं हत्यार असेल, आईची विळी, आजोबांचा कोयता, तर त्याला नुसतं पुसून फळीवर ठेवू नका. त्याला धार लावा, काम द्या, आणि ते काम करत असताना त्याच्यासमोर बसून विचारा, आत काय आहे? जपणं म्हणजे तेच. माहीमला आलात तर मला बघा, माझी ना नाही. पण फार वेळ थांबू नका, मागं पडवीत जा. आणि काम झाल्यावर त्या दुसरीला आडवी करून ठेवायची आठवण मावशीला करा. कुणाचा तरी पाय लागेल. तिला धार आहे.