पाठमोरी

प्यो मानसोक एकेचाळिसाव्यांदा मेला तेव्हा त्याच्या तोंडात काकवीची चिवट वडी होती. ती मुद्दामच दिलेली होती. दोन्ही जबडे एकमेकांना चिकटले की माणूस ओरडणार कसा, असा नामग्यूचा हिशेब होता. पण गाणं त्या ठरलेल्या जागी आलं, मानसोकची मान डोलली, खांदे वर गेले आणि वडी, वरची कवळी आणि हाक अशा तिन्ही गोष्टी एकदमच बाहेर पडल्या.

"ओल्सू!"

पडद्यावर एका लांबलचक खोलीच्या टोकाला पाठ करून बसलेली बाई गाता गाता थांबली आणि वळली. चेहऱ्याच्या जागी तिला नुसते केस होते. दिवा विझला, आणि 'तुम्ही मेलात' अशी लाल अक्षरं उमटली. नामग्यूने डोळे आधीच मिटून घेतले होते. ती बाई त्यानेच काढली होती, केसन् केस त्याच्या हातचा होता, तरी दोन वर्षांत ती वळताना त्याने एकदाही धड बघितली नव्हती.

मानसोकने कळफलकावर पडलेली कवळी उचलली, वडीपासून सोडवली आणि शर्टाच्या टोकाला पुसली.

"जागाच तशी आहे ती," तो बोळक्या तोंडाने म्हणाला. "तिथं मढंसुद्धा दाद देईल."

"मग मेल्यावर द्या ना," दासोम म्हणाली. "आधी पार तर करा, बाबा."

दासोम त्याची एकुलती एक मुलगी. जोन्जूच्या जुन्या बाजारात एका खानावळीच्या वरची खोली घेऊन ती आणि नामग्यू हा खेळ बनवत होते. खोलीत दोन संगणक, एक गादी, कोपऱ्यात भांडी घासायची मोरी आणि खालून दिवसभर येणारा तिळाच्या तेलाचा वास, एवढाच संसार. खेळाचं नाव 'पाठमोरी'. खेळणाऱ्याच्या हातात एक ढोल असतो. डाव्या बटणाला तळहाताचा ठोका, उजव्या बटणाला काठीचा. सात खोल्यांत सात गाणी, आणि ती बाई गाते तोवर ताल धरून तिच्या मागून दारापर्यंत सरकायचं. ठोका चुकला की ती थोडीशी वळते. आणि पडद्याच्या कोपऱ्यात एक कान काढलेला आहे, तो लाल असला की समजायचं, मायक्रोफोन ऐकतोय. खेळणाऱ्याने हूं जरी केलं तरी ती पूर्ण वळते, आणि तिला समोरून बघितलेला माणूस काही परत येत नाही.

बुसानच्या मेळाव्यात हा खेळ मांडायचा होता. मागच्या वर्षी परीक्षकांनी तो 'हा खेळ संपवता येत नाही' असा शेरा मारून परत पाठवला होता. यंदा त्यांनी अट घातली होती की सातही खोल्या एका दमात पार केल्याचं चित्रण शुक्रवारी पाचच्या आत पाठवा, नाहीतर राहू द्या. राहू दिलं तर दासोम सोमवारी सुवनच्या एका विमा कचेरीत रुजू होणार होती. तसा शब्द तिने देऊन ठेवला होता आणि त्या कचेरीत चालेल असा एक करडा कोटही आणून खुंटीला लावला होता. तीन दिवस ती त्या कोटाकडे पाठ करून बसत होती.

आज शुक्रवार होता आणि दुपारचे तीन वाजले होते.

पहिल्या सहा खोल्या दासोम झोपेतही पार करायची. त्यांची गाणी यंत्राने बनवलेली होती. सातवीतलं गाणं मात्र खरं होतं, तिच्या आईचं, ओ बुनरेचं. पैलतीरावरच्या होडीवाल्याला हाका मारणाऱ्या बाईचं ते गाणं. बुनरे ते अशी गायची की हाक पाण्यावरून जाऊन परत येईपर्यंत थांबायची, आणि किती थांबायचं हे फक्त तिच्या छातीला ठाऊक असायचं. या खोलीत ठोक्याच्या खुणा दिसत नाहीत, अंधार असतो. तिचा श्वास ओळखून हात टाकायचा. दासोमला ते जमलं नाही, नामग्यूला जमलं नाही, तालाच्या खेळांत ज्यांची नावं घेतली जातात अशा तीन पोरांना बोलावलं, तीही हात टेकून गेली.

"मग सोपी कर की ती खोली," नामग्यूने एकदा सुचवलं होतं.

"आईचा श्वास सोपा कसा करू?" दासोम म्हणाली होती, आणि मग बाबांना बोलावणं धाडलं होतं. मानसोकने बेचाळीस वर्षं ढोल वाजवला होता, त्यातली एकतीस बुनरेच्या मागे.

पहिल्या दिवशी त्याने कळफलकाला खऱ्या काठीने हाणलं आणि दोन बटणं खिडकीबाहेर गेली. पण बोटांनी वाजवायला लागल्यावर पाहत राहावं असं वाजवलं. सातव्या खोलीतल्या अंधारात त्याचा एकही ठोका वाया जात नव्हता. फक्त गाण्याच्या मधोमध, जिथे बाई बराच वेळ गप्प राहते आणि मग एकदम वरून हाक उचलते, तिथे त्याच्या तोंडून 'ओल्सू' ही दाद निघायची. आता यात त्या बिचाऱ्याचा काय दोष? आमच्याकडे ढोलवाल्याचं अर्धं काम हातांचं असतं आणि अर्धं तोंडाचं. गाणारी दमत आली, चढावर आली, की ढोलवाल्याने हाक द्यायची आणि त्या हाकेवर पाय ठेवून तिने पुढचा श्वास घ्यायचा. मानसोक तर गाणं सोडाच, बसवाल्याने वळण सफाईने घेतलं तरी 'ओल्सू' म्हणायचा. दाताच्या डॉक्टरलाही त्याने दाढ उपटता उपटता दाद दिली होती.

त्याला मुखपट्टी लावून झाली. तोंडात पाण्याची गुळणी धरायला लावून झाली, तेव्हा पडदा पुसावा लागला. आता वडीही झाली.

"कान बंद करून खेळू या का?" नामग्यूने हळूच विचारलं. "कोणाला कळणार आहे?"

"त्यांना कळेल. चित्रणात कान दिसतो," दासोम म्हणाली. "आणि मला कळेल."

सव्वाचारच्या सुमाराला जिना वाजला आणि बुनरे आत आली. हातात कापडात बांधलेला डबा होता. ती नवऱ्याकडे न बघता मोरीजवळ गेली आणि डबा सोडू लागली.

"दासोमच्या बाबांनी दुपारपासून काही खाल्लं नसेल," ती मुलीला म्हणाली.

"वडी खाल्ली," मानसोक म्हणाला.

"कवळी लावा आधी."

घरात दोघांचं तसं काहीच बिघडलेलं नव्हतं. ती त्याच्या रक्तदाबाच्या गोळ्या काढून ठेवायची, तो तिला नाशपाती सोलून द्यायचा. फक्त गेली अकरा वर्षं तिचं गाणं आणि त्याचा ढोल एका खोलीत आले नव्हते. अकरा वर्षांपूर्वी नामवनच्या मोठ्या स्पर्धेला जाताना, भर बसमध्ये, सहा शिष्यांसमोर, बुनरे हसत हसत काहीतरी बोलली होती. ते मानसोकच्या जिव्हारी लागलं. मंचावर त्याने बावीस मिनिटं ढोल वाजवला आणि तोंडातून एक अक्षर काढलं नाही. बुनरे एकटीच चढली, एकटीच उतरली, आणि शेवटच्या चढाला तिचा आवाज फाटला. मंचावरून उतरल्यावर तो म्हणाला, "माझा एकही ठोका चुकलेला नाही." ते खरंच होतं. तेव्हापासून ती दुसऱ्या गावाहून ढोलवाला बोलवायची. आणि तेव्हापासूनच मानसोक रस्त्यात येईल त्याला दाद देत सुटला होता.

दासोमने भुतासाठी आवाज मागितला तेव्हा बुनरेने लगेच दिला होता. तिची अट एकच होती, ढोल नको. भुताला कशाला हवा ढोलवाला, असं म्हणाली होती.

"काय अडलंय?" तिने आता विचारलं.

दासोमने सांगितलं. सांगताना तिची नजर घड्याळाकडे होती. बुनरेने खुंटीवरचा करडा कोट बघितला. त्याची एक बाही चिमटीत धरून पाहिली आणि सोडून दिली.

"किती वेळ लागतो सगळ्याला?"

"पस्तीस मिनिटं. म्हणजे आत्ता सुरू केलं तरच. ही शेवटचीच खेप."

"आणि ह्यांनी गप्प बसायला हवं, एवढंच ना?"

"एवढंच," नामग्यू म्हणाला. "पण गुरुजींना ते जमत नाही हो."

"जमतं," बुनरे म्हणाली. "एकदा जमलं होतं. सुरू कर."

दासोमने चित्रण लावलं. मानसोकने बोटं मोडली आणि बटणांवर ठेवली. कान अजून पांढरा होता. बुनरे त्याच्या खुर्चीमागे येऊन उभी राहिली, आणि अकरा वर्षांपूर्वी बसमध्ये बोलली होती ते, त्याच शब्दांत, सावकाश बोलली.

"ढोलवाला म्हणजे काय, तर गाणाऱ्याच्या बुडाखालची गादी. असली तर बरी. नसली तर जमिनीवर बसता येतं."

मानसोक गर्रकन वळला. तोंड उघडलं, पण त्याच क्षणी कान लाल झाला. तो तसाच उघड्या तोंडाने अडकला. नामग्यूने हळूच त्याचा खांदा धरून त्याला पडद्याकडे फिरवलं. मानसोकचं तोंड मिटलं. ओठ इतके घट्ट मिटले की दिसेनासे झाले.

पहिली खोली पार झाली, दुसरी झाली. मानसोकच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या आणि कपाळाची शीर ठोक्यागणिक उडत होती. बोटं मात्र थंड चालत होती. पाचव्या खोलीत खालच्या खानावळीत कोणीतरी थाळी पाडली, सगळ्यांनी श्वास धरला, पण बाई जागची हलली नाही. सहावी झाली. मग अंधार, आणि अंधारात बुनरेचा आवाज.

खरी बुनरे मोरीजवळ उभी होती. दासोमने पायाची बोटं आवळून धरली. बाई पैलतीराला हाका मारत होती. हाक गेली, आली. मानसोकचा तळहात, काठी, तळहात. मग ती जागा आली. बाई गप्प झाली आणि बराच वेळ गप्प राहिली, आणि मग एकदम वरून हाक उचलली. नामग्यूने डोळे मिटले.

काहीच झालं नाही. मानसोकची मान हलली नाही, खांदे हलले नाहीत. दगडासारखा बसून त्याने पुढचे ठोके जिथल्या तिथे टाकले. आवाज एकटा चढला, एकटा उतरला. दार उघडलं आणि पडदा पांढरा झाला.

चार वाजून चोपन्न मिनिटं झाली होती. दासोमने चित्रण पाठवलं. पोचल्याची पावती आली तेव्हा ती खाली फरशीवर बसली आणि दोन्ही हातांत तोंड झाकून रडली. तिला फार आनंद झाला होता. नामग्यूने आधी तिला मिठी मारली, मग गुरुजींना कमरेत वाकून तीनदा नमस्कार केला, मग करडा कोट खुंटीवरून काढून त्याने पडदा पुसला.

"परत करायचा होता तो," दासोम रडता रडता म्हणाली.

"आता कुठला परत घेतायत," नामग्यू म्हणाला, आणि दोघं खानावळवालीला सांगायला जिना उतरून धावत गेले.

खोलीत नवरा-बायको राहिली. बुनरेने डब्यातलं खाणं ताटलीत काढलं आणि रिकामा डबा मोरीत ठेवला.

"एकही ठोका चुकला नाही," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. मग तिने नळ सोडला आणि पाठ करून डबा घासायला लागली.

मानसोक तिच्या पाठीकडे बघत राहिला. मग खुर्ची पुढे ओढून त्याने सातवी खोली पुन्हा सुरू केली.

कान लाल झाला. बाई गायली, गप्प झाली आणि हाक उचलली.

"ओल्सू," मानसोक म्हणाला.

बाई वळली. तो मेला. त्याने परत सुरू केलं.

"ओल्सू," तो जरा मोठ्याने म्हणाला, आणि परत मेला. तिसऱ्यांदा शब्द अर्धाच निघाला, तरी बाईला ऐकू गेलंच. मोरीत पाणी वाहत होतं. बुनरेचे हात चालू होते, एवढासा डबा ती केव्हाची घासत होती.

चौथ्या वेळी गाणं सुरू झालं तेव्हा तिने नळ बंद केला.

बाई गप्प झाली, बराच वेळ गप्प राहिली, आणि वरून हाक उचलली. मानसोकने खांदे उचलून, मान टाकून, बेचाळीस वर्षांचा सगळा दम लावून साद दिली. पडद्यावर केस वळले, दिवा विझला, लाल अक्षरं उमटली.

"अर्ध्या मात्रेने उशीर झाला," बुनरे पाठमोरीच म्हणाली.

"परत घेतो," मानसोक म्हणाला, आणि त्याने कवळी नीट बसवली.