डाव्या हाताला नेमलेली बटणं

डब्ल्यू : पुढे चालणे

हा तक्ता रोहिणीने केला. रोहिणी माझी बायको, द्वारका चौकाजवळ जुन्या कॉम्प्युटरच्या दुकानात दुरुस्तीचं काम करते. वहीच्या एका पानावर तिने अक्षरं लिहिली, प्रत्येक अक्षरापुढे त्याचं काम लिहिलं आणि ते पान मॉनिटरच्या कडेला चिकटवलं. दोन आठवड्यांत मला ते बघायची गरज उरली नाही. पान मात्र अजून तिथेच आहे, म्हणून त्याच क्रमाने सांगतो.

मी गोरक्ष. गाव नामपूर. सहा वर्षं अंबडला एका कारखान्यात पॉवर प्रेसवर काम केलं. वर जड साचा, खाली साचा, मधे पत्रा. समोर दोन हिरवी बटणं, एकमेकांपासून दोन फूट लांब. दोन्ही एकाच वेळी तळव्यांनी दाबली तरच वरचा साचा खाली येतो, तो एक स्ट्रोक. दोन्ही हात बटणांवर असले की साच्यात जायला हात उरतच नाही, म्हणून ती सोय.

माझा हात प्रेसमधे गेला नाही. ऑगस्टमधे पत्र्यांचं बंडल उतरवताना साखळी सरकली आणि एका पत्र्याची धार उजव्या कोपराखाली बसली. हाड वाचलं. नसा शिवल्या. आज बघाल तर हात पूर्ण आहे. पाच बोटं आहेत, नखंही वाढतात. खांदा फिरतो, कोपर वाकतं. मनगटापुढे काही नाही. तव्याला बोट लागलं तर मला वासावरून कळतं.

आई गावाहून फोन करते. "आते कसा शे तुना हात?"

"आहे," मी म्हणतो. ते खोटं नाही.

ए : डावीकडे सरकणे

समाधान, सहादू, सोमनाथ आणि मी. चौघं प्रेसच्या एकाच लाइनीत, आणि चौघं एका खेळात. शंभर जण विमानातून एका बेटावर उतरतात, एकमेकांना मारतात, शेवटी जो संघ उरतो तो जिंकतो. पहिली पाळी सुटली की सहा वाजता आपापल्या घरून फोनवर. संघाचं नाव प्रेसशॉप.

त्या खेळाला दोन अंगठे लागतात. डाव्याने चालायचं, उजव्याने नेम धरायचा. दवाखान्यात समाधान म्हणाला, "तू नुसता फोन कानाला लाव. आम्ही मरताना शिव्या कशा देतो ते ऐक." दोन महिने मी ऐकलं.

मग रोहिणीने दुकानातून एक जुना कॉम्प्युटर आणला आणि त्यात एम्युलेटर टाकला.

"म्हणजे कॉम्प्युटरच्या पोटात एक खोटा फोन," ती म्हणाली. "स्क्रीनवर जिथे अंगठा लागायला हवा, तिथे आपण एक अक्षर नेमायचं. अक्षर दाबलं की तो खेळाला सांगतो, अंगठा लागला."

"अंगठा नसताना?"

"अंगठा कोणाचा, हे खेळ विचारत नाही."

चालणं, उडी, गोळी, सगळं डाव्या हाताच्या पाच बोटांना वाटून दिलं. राहिला नेम. सायकलच्या ट्यूबची पट्टी कापून तिने माउस माझ्या उजव्या तळव्याखाली बांधला. "खांदा हलतो ना तुमचा? मग हात हलेल, हात हलला की माउस हलेल. बोटांना झोपू द्या."

पहिल्या दिवशी मी झाडाला गोळ्या मारल्या. रोहिणी हसून हसून खाली बसली. आम्ही ऑगस्टनंतर पहिल्यांदा हसत होतो.

एस : मागे येणे

खेळाला खोटा फोन ओळखता येतो. असा खेळाडू सापडला की त्याच्या नावापुढे छोट्या कॉम्प्युटरचं चिन्ह येतं, आणि त्याचा पूर्ण संघ कॉम्प्युटरवाल्यांच्यातच सोडला जातो. ते दोन्ही हातांनी कीबोर्ड वाजवणारे. आम्ही चार मिनिटांत साफ.

"गोऱ्या, वाईट वाटून घेऊ नको," समाधान म्हणाला, "पण तू असलास की आपण चौघं सरळ खाटकाकडे जातो."

सहादू फक्त म्हणाला, "नेट गेलं वाटतं," आणि गेला.

शनिवारी त्यांनी माझ्या जागी पॅकिंगमधल्या एकाला घेतलं. माझ्या नावापुढे हिरवा ठिपका होता, म्हणजे मी ऑनलाइन. त्यांना तो दिसत असणार.

शिफ्ट : वाकून लपणे

मी रोहिणीला म्हणालो, खेळाला ओळखता येणार नाही असं काहीतरी कर.

"करता येतं. पण ते बरोबर नाही हो. पकडलं तर खातंच बंद."

"होऊ दे."

तिने खोट्या फोनला एका खऱ्या फोनचं नाव दिलं, आणखी दोन-तीन गोष्टी बदलल्या. दुसऱ्या दिवशी माझ्या नावापुढे फोनचं चिन्ह आलं.

मग मी समाधानला फोन केला. म्हणालो, कॉम्प्युटर परत केला, आता फोनवरच खेळतो.

"आयला! हात आला?"

"येतोय हळूहळू."

हे मला कोणी म्हणायला लावलं नव्हतं.

पुढचे दोन महिने मी चांगला खेळलो. सांगायला हरकत नाही, चौघांत सगळ्यात चांगला खेळलो. दिवसभर घरात मी दुसरं करतच काय होतो! समाधान एकदा भेटायला आला तेव्हा मी हात शालीत ठेवला आणि कॉम्प्युटरवर चादर टाकली. तो म्हणाला, "त्या हाताला दृष्ट काढायला सांग वहिनींना."

एफ : गोळी

कारखान्यात मी अर्ज दिला होता. स्टोअरमधे नोंदी ठेवायचं बसून काम द्या, डाव्या हाताने लिहायला शिकलो आहे. ते मिळणार की परत प्रेसवर जायचं, हे मंगळवारी ठरणार होतं. कारखान्याचे डॉक्टर मंगळवारी आणि शुक्रवारी येतात.

मंगळवारी ऑफिसात मॅनेजर साहेबांनी माझ्यासाठी पाणी मागवलं. नसांची तपासणी चार महिन्यांपूर्वीची होती. तिच्यावर शेवटी लिहिलं होतं, 'सुधारणा संभवते'. डॉक्टरांनी त्या दोन शब्दांखाली रेघ मारली.

"मोबाइलवर खेळतोस?" साहेबांनी विचारलं आणि स्वतःचा फोन माझ्याकडे फिरवला.

समाधानने आमच्या लाइनीच्या ग्रुपवर टाकलेला व्हिडिओ होता. मी एकटा सहा जणांना पाडतो तो. खाली लिहिलं होतं, 'आपला गोरक्ष परत आला!' आणि टाळ्या वाजवणारे हात, एक ओळभर.

"कॉम्प्युटरवर खेळतो साहेब. डाव्या हाताने."

"स्नेहल, बघ गं जरा."

स्नेहल त्यांच्या हाताखाली काम करते. ती स्वतः खेळत असावी, कारण तिने नेमकं बोट ठेवलं. "सर, नावापुढे फोनचं चिन्ह आहे. कॉम्प्युटरवाल्यांना दुसरं येतं."

"तो फोन खोटा आहे," मी म्हणालो.

डॉक्टर हसले. "फोन खोटा आणि हात खरा?"

"सेटिंग बदललंय."

"का?"

याचं उत्तर माझ्याकडे होतं. मित्रांनी खेळायला घ्यावं म्हणून. सत्तावीस वर्षांच्या माणसाला ते त्या खोलीत म्हणता आलं नाही.

समाधानला बोलावलं. तो हाताचं ऑइल पुसत आला, मला बघून खुलला. "काय गोऱ्या, कधीपासून येतोस कामाला?"

"याचा हात बरा आहे ना?" साहेबांनी विचारलं.

"एकदम साहेब! मी पहिल्यापासून सांगत होतो, हा परत येणार." मग त्याने माझा चेहरा पाहिला. "काय झालं?"

स्पेस : उडी

शुक्रवारी डॉक्टर परत येणार, तेव्हा त्यांच्यासमोर खेळून दाखवायचं ठरलं, म्हणून रोहिणी रिक्षाने कॉम्प्युटर घेऊन आली. डबा मांडीवर, मॉनिटर पायांशी. गेटवर वॉचमनने सगळं रजिस्टरला लिहून घेतलं, माउसची वायरसुद्धा. कॅन्टीनच्या एका टेबलावर तिने ते जोडलं. साहेब, डॉक्टर आणि आमच्या लाइनीचे सुपरवायझर रावजी अण्णा समोर बसले. रावजी अण्णा वाईट माणूस नाही. ऑगस्टमधे मला रक्त त्यांनीच दिलं.

रोहिणीने आधी बांगडीतली पिन काढून माझ्या तर्जनीत टोचली. रक्ताचा थेंब आला. मी तिच्याकडे बघत होतो, बोटाकडे नाही.

"बघा. यांना कळलं पण नाही."

"हे कोणीही सोसतं," डॉक्टर म्हणाले.

मग तिने ट्यूबची पट्टी बांधली आणि मी खेळायला बसलो. मनात एकच होतं. जितका चांगला खेळेन तितकं त्यांना स्पष्ट दिसेल की सगळं डावा करतो आणि उजवा नुसता ओझ्यासारखा ओढला जातो. मी त्या दिवसाइतका चांगला कधीच खेळलो नाही. छपरावरून उडी मारता मारता एकाला पाडला. स्वयंपाकघरातली माणसं दारात येऊन उभी राहिली.

संपलं तेव्हा रावजी अण्णांनी उठून माझी उजवी बोटं उचलून पाहिली आणि सोडली. ती टेबलावर पडली.

"साहेब, पोरगा खरं बोलतोय. हातात काही नाही त्याच्या."

रोहिणीने माझ्या खांद्यावर हात ठेवला.

"पण डोकं बघा त्याचं," रावजी अण्णा म्हणाले. ते खरोखर कौतुकाने बोलत होते. "उजव्याचं सगळं काम डाव्यावर घेतलंय. मग आपल्या चार नंबरच्या प्रेसला पण असंच करू की. उजवं बटण कायमचं दाबून टाकायचं. डाव्याने स्ट्रोक मारेल."

साहेबांनी डॉक्टरांकडे पाहिलं.

"खांदा, कोपर उत्तम आहे," डॉक्टर म्हणाले आणि पेनाचं टोपण काढलं.

"आणि साच्यात हात राहिला तर?" रोहिणीने विचारलं. "यांना कळणार नाही. आत्ता पिन टोचली ना मी तुमच्यासमोर!"

"वहिनी, सहा वर्षं त्याच मशीनवर आहे तो. काल आलेला नाही," रावजी अण्णा म्हणाले.

"स्टोअरला जागा नाही," साहेब म्हणाले. "सोमवारी हजर व्हा. नाही आलात तर गैरहजर लागेल."

परत येताना मॉनिटर माझ्या मांडीवर होता. मी वाईट खेळलो असतो तर, एवढंच मी सिडकोपर्यंत बोललो. रोहिणी म्हणाली, कामगार ऑफिसात तक्रार देऊ, मी उद्याच जाते. ती गेली. शनिवार होता, बंद होतं.

टॅब : संघातले कोण जिवंत आहेत ते बघणे

शनिवारी संध्याकाळी समाधान आला. चप्पल न काढता दारात उभा राहिला. कॉम्प्युटरवर चादर नव्हती. त्याने तक्ता वाचला, ट्यूबची पट्टी हातात घेऊन ताणून पाहिली.

"मला सांगायचं ना."

"तुम्ही मला संघात घेतलं असतं?"

त्याने पट्टी जागेवर ठेवली. रोहिणीने चहा आणला तेव्हा तो गेलेला होता.

इथून पुढचा तक्ता रोहिणीचा नाही

सोमवार, पहिली पाळी. मशीन नंबर चार. इलेक्ट्रिशियनने उजव्या बटणावर पितळी वॉशर ठेवून ते दाबलं आणि वरून काळ्या टेपचे सात-आठ वेढे मारले. आता मशीनला सतत वाटतं की माझा उजवा हात बटणावर आहे.

मी ट्यूबची पट्टी खिशातून आणली होती. उजवा हात पाठीमागे कमरेच्या पट्ट्याला बांधला. रावजी अण्णा आले.

"असं नको रे. मग पत्रा कोण सरकवणार? डावा तर बटणावर."

त्यांनीच गाठ सोडली. हळू सोडली, मला लागू नये म्हणून.

*डावं बटण* : स्ट्रोक.

*उजवं बटण* : वॉशर, टेप.

*उजवं मनगट* : पत्रा आत ढकलणे. मागे येणे.

*कान* : रिकामे. मशीनच्या आवाजात मनगट मागे आलं की नाही ते ऐकू येत नाही.

*नाक* : ऑइल.

*डोळे* : उजवा हात. बोटं साच्याबाहेर आली का ते बघणे. एकदा अंगठा कडेला अडकून मागे राहिला होता, ते डोळ्यांनी पाहिलं, मग डावा हात बटणावरून उचलला. दर स्ट्रोकला बघणे. जेवणाच्या सुट्टीपर्यंत, आणि सुट्टीनंतर पाळी सुटेपर्यंत.

दोन वाजता तीन नंबरवरून समाधान ओरडतो, "गोऱ्या! सहाला येतोस का? कॉम्प्युटरवरून ये. मरू सगळे, काय व्हायचंय!"

पत्रा आत. बोटं बाहेर. स्ट्रोक.

"अरे गोरक्ष! बघ तरी इकडे!"

पत्रा आत.

*मान वर करणे* : याला बटण नेमलेलं नाही.