अल्बरासीनचा गड आणि पाडव्याची मेंढरं

डोळे मिटा पाहू. नदीनं वेढलेला एक डोंगर, त्यावर तट, आत एवढंसं गाव. दिसलं? आता तो डोंगर हातभर उंचीचा करा आणि सोलापूरजवळच्या कुंभारीत, धुळा धनगराच्या मेंढवाड्यापुढं ठेवा. साल एकोणीसशे एकतीस, दिवाळीचा पाडवा. तेव्हा तिथं नजर टाकावी तिकडं माळ आणि मेंढरंच होती. किती मोकळे दिवस ते!

गड केला होता धुळाच्या नऊ वर्षांच्या लेकीनं, बनानं. बाकीची पोरं रायगड, नळदुर्ग करत. बनाचा होता अल्बरासीन. रुद्रप्पा मास्तरांनी शाळेत सांगितलं होतं, आठ-नऊशे वर्षांपूर्वी स्पेन देशात बर्बर नावाच्या जमातीच्या मुसलमानांचं ते चिमुकलं राज्य होतं. राजे रझीन घराण्याचे. भोवती दांडगी राज्यं, तरी नव्वद वर्षं टिकलं.

"मग कुनी घेतलं, गुर्जी?"

"आफ्रिकेतून आलेल्या दुसऱ्या बर्बरांनी."

"म्हंजे घरच्यांनीच की!"

मास्तर हसले होते. "राजा गेला, बने. गाव अजून आहे."

आज मास्तर गड बघायला येणार होते. उन्हं चढली तरी पत्ता नव्हता. इकडं धुळाची घाई. पाडव्याला वाड्याच्या तोंडाशी लेंड्यांची रास पुजायची आणि तिच्यावरून कळप उडवत न्यायचा, हा धनगरांचा रिवाज. माती मऊ म्हणून बनानं गड नेमका तिथंच रचलेला!

"बने, सर बाजूला."

"आबा, थांबा की वाईच. मास्तर येत्यात."

"देव थांबंल व्हय तुज्या मास्तरासाठी?"

"मग गडाला वळसा घालून न्या."

"तूच सांग जा मेंढरास्नी! लई ऐकत्यात तुजं," आई केराबाई हसली.

तेवढ्यात ओढ्यापलीकडं मास्तरांची छत्री दिसली. बना उड्या मारू लागली. पण वाड्यात मेंढरं फाटकावर रेटत होती आणि पायांखाली सापडलेलं एक कोकरू केविलवाणं ओरडत होतं.

धुळानं काठी खाली टेकली. "बोल पोरी. तुजा गड हाय. सोडू का थांबू?"

बनानं छत्रीकडं पाहिलं, कोकराकडं पाहिलं. मग गडातली मातीची माणसं भराभरा परकराच्या ओच्यात भरली, फाटक स्वतःच ओढून उघडलं आणि ओढ्याकडं धावत सुटली.

"गुर्जी, राज गेलं!" ती लांबूनच ओरडली. "गाव घिऊन आलीया!"