हेमाची रेल्वे ई ड्राइव्हवर

“चार हजार तीनशे बारा,” शशिकांत म्हणाला. “तिकडं किती?”

“चार हजार तीनशे बारा.” हणमंतने चष्मा कपाळावर सरकवला. “एक कमी न्हाई, एक जास्त न्हाई. कर सही.”

शशिकांतने खरोखरच सही केली. कागदावर मधोमध रेघ होती. डावीकडे ‘डी ड्राइव्ह’, उजवीकडे ‘ई ड्राइव्ह’, त्याखाली फाइलींची संख्या, आकार, तारीख आणि वेळ. रेल्वेच्या संशोधन संस्थेत चौतीस वर्षं त्याने डब्यांच्या चाचण्या घेतल्या होत्या. कागद केल्याशिवाय काम झालं असं त्याला वाटतच नसे.

हणमंत हवाई दलात रेडिओ फिटर होता. गडहिंग्लजचा माणूस, पण लखनौजवळच्या बख्शी का तालाब तळावर नोकरी संपली तेव्हा तिथेच तीन खोल्या आणि पेरूची चार झाडं घेऊन राहिला. दर रविवारी पिशवीभर पेरू स्कूटरला अडकवून तो आलमबागेत शशिकांतकडे यायचा आणि आल्या आल्या आपलं कुठलंही काम नाही असं सांगायचा. आज मात्र काम होतं.

कोपऱ्यातला कॉम्प्युटर आठ दिवसांपासून टकटक करत होता. शशिकांतचं आयुष्य रुळांच्या जोडांचा आवाज ऐकण्यात गेलं होतं. हा आवाज चांगला नाही हे कळायला त्याला दुकानात जावं लागलं नाही, पण तो गेला. दुकानदार घरी येऊन नवी डिस्क जोडून गेला आणि म्हणाला, “अंकल, पुरानी वाली जा रही है. आज भी जा सकती है, महीना भी खींच सकती है. जो काम का हो, नई में डाल लीजिए. सोमवार को आके पुरानी निकाल दूँगा.”

कामाचं असं एकच होतं. हेमाचा खेळ.

रेल्वे चालवायचा खेळ. रूळ टाकायचे, स्टेशनं बांधायची, गाड्या सोडायच्या. दहा वर्षांपूर्वी नीलमने, त्यांच्या मुलीने, तो आईला घालून दिला होता. “दिवसभर रूळ-रूळ करतात, काय असतं ते बघू तरी,” असं म्हणून हेमा बसली आणि मग रोज दुपारी दोन ते चार बसायला लागली. शशिकांत कधी मागून डोकावला, तर एवढंच म्हणायचा, “या वळणावर गाडी पडेल.”

“तुमच्या पडतात. माझ्या पडत नाहीत,” हेमा म्हणायची.

जानेवारीत ती गेली. तेव्हापासून दहा महिने खेळ कुणी उघडला नव्हता. पण डिस्कबरोबर तोही जावा हे शशिकांतला मंजूर नव्हतं.

“आता जुन्यातलं पुसून टाक,” हणमंत म्हणाला. “एका जागी दोन ठेवलं की घोटाळा होतो. आमच्यात काम झालं की पान्हे मोजून पेटीत. एक पान्हा इमानात राहिला तर इमान उडत न्हाई.”

“आणि आमच्यात ट्रायल घेतल्याशिवाय गाडी ताब्यात देत नाहीत. आधी चालवून बघू.”

“घे बाबा ट्रायल. रेल्वेवाल्यांना येळ काय, फुकटचा.”

शशिकांतने ई ड्राइव्हवरून खेळ सुरू केला. शिट्टी वाजली. पडद्यावर डोंगर आला, बोगदा आला, बोगद्यातून इंजिन आलं. हणमंतने टाळी वाजवली. मग यादी आली. ‘नवा खेळ’ ठळक होतं. ‘जुना खेळ उघडा’ फिकट. शशिकांतने त्यावर दाबलं. काही झालं नाही. पुन्हा दाबलं.

“जोरात दाबून काय हुतंय? लिफ्ट हाय का ती?”

शशिकांतने बटणावरचा हात काढला. त्याने नवा खेळ उघडून पाहिला. हिरवी जमीन, नदी, चार गावं. रूळ एकही नाही.

हातातल्या सही केलेल्या कागदाकडे त्याने एकदा पाहिलं आणि नीलमला फोन लावला. नीलम बंगळुरूला असते. लखनौत वाढलेली, त्यामुळे घाई असली की तिची गाडी हिंदीच्या रुळावर जाते.

“बाबा, सेव्ह कॉपी किए?”

“सगळं केलं. चार हजार तीनशे बारा फाइली. टॅली आहेत.”

“अरे यार बाबा, वो तो गेम है. सेव्ह उसमें नहीं रहते. ते वेगळ्या फोल्डरमध्ये असतात, डॉक्युमेंट्समध्ये.”

“म्हणजे मी डबे नेले आणि माणसं फलाटावर?”

“हाँ, एक्झॅक्टली.” ती हसली. “डॉक्युमेंट्स बघा ना.”

त्याने पाहिलं. विजेची बिलं होती, पेन्शनचा अर्ज होता, मिरजेच्या सातबाऱ्याचा फोटो होता. खेळाचं काही नव्हतं.

“बाबा,” नीलमचा आवाज जरा हळू झाला. “तुम्ही तुमच्या लॉगिनमध्ये आहात. आई तिच्या लॉगिनमधून खेळायची. तिथे असणार सगळं.”

“हो,” शशिकांत म्हणाला. “बरोबर आहे.”

“करू शकाल ना? मैं रुकूँ लाइन पे?”

“नको. हणमंत आहे इथे.”

“हणमंतकाका आहेत? मग तर अजून काळजी.”

“ऐकू येतंय मला, पोरी!” हणमंत लांबूनच ओरडला.

फोन ठेवून शशिकांतने आपलं लॉगिन बंद केलं. निळा पडदा आला. त्यावर दोन गोल होते. एकाखाली ‘शशिकांत’, दुसऱ्याखाली ‘हेमा’. रोज कॉम्प्युटर लावला की ही दोन नावं यायची आणि रोज तो पहिल्यावर दाबून पुढे जायचा. दुसऱ्याकडे बघायचंही नाही, अशी त्याने सवय लावून घेतली होती. डिस्क आत टकटकत होती.

हणमंत उठला. “मी चहा टाकतो.”

“तुला येतो?”

“तीस वर्षं कँटीनचा पिलोय. बघून बघून येतोच की.” आणि ज्याने स्वतःच्या घरात कधी गॅस पेटवला नव्हता, तो हणमंत स्वयंपाकघरात गेला आणि तिथली भांडी मुद्दाम वाजवत बसला.

शशिकांतने ‘हेमा’वर दाबलं. पासवर्ड विचारला नाही. घरात लपवायचं कुणापासून, असं म्हणून तिने ठेवलाच नव्हता. स्वागताची दोन टिंबं फिरली आणि पडदा उघडला.

अख्ख्या पडद्यावर तो स्वतः होता. सोफ्यावर आडवा, छातीवर वर्तमानपत्र, तोंड उघडं, एक चप्पल पायात आणि एक खाली.

तो मोठ्याने हसला. हणमंत गाळणं हातात घेऊनच बाहेर आला आणि फोटो बघत उभा राहिला.

“हे रोज दुपारी बघत हुत्या व्हय वहिनी?” तो म्हणाला. “लई धीराची बाई.”

डॉक्युमेंट्समध्ये खेळाच्या नावाचं फोल्डर होतं. त्यात चारशे बारा फाइली. शशिकांतने सगळ्या निवडल्या आणि ई ड्राइव्हकडे पाठवल्या. पडद्यावर पट्टी सरकायला लागली. ‘अकरा मिनिटं’ असं आलं, मग ‘दोन तास’, मग ‘चाळीस सेकंद’.

“ठेसनावरच्या अनाउन्समेंटसारखंच हाय हे,” हणमंत चहा देत म्हणाला. चहात साखर नव्हती. दोघांनीही तो पिऊन टाकला.

चारशे अकरावर पट्टी थांबली. टक. टक. टक. मग एक चौकट आली: ही फाइल वाचता येत नाही. पुन्हा प्रयत्न करा, किंवा सोडून द्या.

“एकच ऱ्हायली न्हवं? सोड की,” हणमंत म्हणाला.

“शेवटची आहे.”

“तीच म्हणतोय, शेवटची एक.”

“तसं नाही रे. तारीख बघ. जानेवारीतली आहे. तिने शेवटची ठेवलेली.”

हणमंतने पेला खाली ठेवला.

शशिकांतने ‘पुन्हा प्रयत्न’ दाबलं. टक. टक. चौकट पुन्हा आली. सात वेळा दाबलं, सात वेळा आली. आठव्यांदा त्याचं बोट बटणावरच थांबलं. जेवढी जास्त खटपट करावी तेवढी डिस्क लवकर जाणार, हे त्याला आवाजावरूनच कळत होतं.

हणमंतने कॉम्प्युटरच्या पेटीवर तळहात ठेवला. “तापलीय. बंद कर. सगळं बंद कर आधी.”

“बंद केली आणि परत सुरूच नाही झाली तर?”

“आणि अशीच तापत ठेवली तर?” हणमंतच्या आवाजातली थट्टा गेली होती. “शशा, तीस वर्षं मी हेच केलंय. तापलेल्या सेटला हात लावायचा न्हाई. निवू द्यायचा, मग इचारायचं. पंखा कुठं हाय?”

नोव्हेंबर होता. टेबलफॅन धुऊन, चादरीत गुंडाळून माळ्यावर गेला होता. हणमंत स्टुलावर चढला, शशिकांतने स्टूल धरलं, आणि दोघांचं वय मिळून एकशे एकतीस होतं हे दोघांच्याही लक्षात आलं. पेटीचं झाकण काढून त्यांनी पंखा समोर ठेवला आणि अर्धा तास पेरू खाल्ले. शशिकांतने स्वेटर घातला. हणमंतने मफलर कानाला बांधला.

“बाहेरून कुणी बघितलं,” हणमंत म्हणाला, “तर म्हणंल म्हातारी चळली.”

मग शशिकांतने कॉम्प्युटर लावला. निळा पडदा आला. या वेळी तो थेट दुसऱ्या नावावर गेला. एकच फाइल निवडली. पाठवली. पंखा घोंघावत होता. पट्टी सरकली, अर्ध्यावर थांबली. हणमंतने डोळे मिटून कसलंतरी पुटपुटायला सुरुवात केली. टक. आणि पट्टी पार गेली.

“चारशे बारा,” शशिकांत म्हणाला. त्याने कागद ओढून आकडा लिहिला.

“आता घे तुझी ट्रायल,” हणमंत म्हणाला.

या वेळी ‘जुना खेळ उघडा’ ठळक होतं. त्याने दाबलं आणि यादी उघडली. हेमाने प्रत्येक वेळी खेळ नव्या नावाने ठेवला होता. इंग्रजी अक्षरांत मराठी. शशिकांतला वाटलं, गाड्यांची किंवा स्टेशनांची नावं असतील. तो वाचायला लागला.

‘कुकर.’ ‘दूध.’ ‘बेल.’ ‘कुकर.’ ‘लाईट जाणार.’ ‘नीलमचा फोन.’ ‘भंगारवाला.’

“हे काय?” हणमंत म्हणाला. “ही काय नावं झाली?”

शशिकांतला जरा वेळाने उमगलं. “उठली कशासाठी, ते लिहिलंय.”

मग दोघंही खुर्च्या पुढे ओढून वाचायला लागले. ‘अहो आले.’ ‘अहो आले.’ ‘अहो टूरवर, आज सात तास खेळले.’ ‘अहो लवकर आले, बोगदा अर्धा राहिला.’ ‘भांडण. आज बोलणार नाही.’ त्याच्याखाली, दोन दिवसांनंतरच्या तारखेला, ‘बोलले शेवटी.’

“माझं काय हाय का बघ,” हणमंत म्हणाला. होतं. ‘हणमंत भावजी आले, आता दोन तास गेले.’

हणमंत एवढा हसला की त्याला ठसका लागला. “दोन तास! आन् मी समजायचो, वहिनींना माझ्या गप्पा आवडतात.”

“आवडायच्या रे.”

“गप. पुरावा हाय समोर.”

शशिकांतही हसत होता. चौतीस वर्षं संध्याकाळी बेल वाजवताना त्याला वाटायचं, ही दिवसभर वाट बघत बसली असेल. शेवटची काही वर्षं तरी ती चाळीस-पन्नास गाड्या चालवत बसली होती, आणि तो आला की तिला त्या थांबवाव्या लागत होत्या. हे कळून त्याला वाईट वाटायला हवं होतं. उलट बरंच वाटलं.

यादीत सगळ्यात खाली एकच शब्द होता: ‘मेथी.’

मेथी निवडायची म्हणून ती उठली होती. दुसऱ्या दिवशी तिला दवाखान्यात नेलं. बाराव्या दिवशी तो घरी आला, तेव्हा फ्रिजमध्ये ती निवडलेली मेथी डब्यात काळी पडून होती. त्याने ती टाकून दिली होती आणि डबा घासून ठेवला होता.

“उघड,” हणमंत हळूच म्हणाला.

त्याने उघडलं. नदी आली, नदीवर पूल आला, आणि सगळीकडून गाड्या धावायला लागल्या. शशिकांतने माउसने नकाशा सरकवला. रूळ डोंगराला वळसे घालत गेले होते, गावांना जोडत, एकमेकांवरून, एकमेकांखालून. ज्या वळणाला त्याने नावं ठेवली होती ते अजून तसंच होतं. एक लांबलचक मालगाडी त्यावर आली. शशिकांत पुढे वाकला. मालगाडी सावकाश वळली, शेवटचा डबा वळला आणि निघून गेली.

“पडली न्हाई,” हणमंत म्हणाला.

“नाही पडली.”

दोघं बराच वेळ बघत बसले. एका स्टेशनवर इंजिन जुनं झाल्याची सूचना आली, शशिकांतने ते बदललं. दुसरं आलं, तेही बदललं. खिडकीतलं ऊन सरकून कपाटावर गेलं. मग त्याने बंद करायचं बटण दाबलं आणि खेळाने विचारलं: कोणत्या नावाने ठेवू?

शशिकांतने बोट उचललं आणि तसंच धरून ठेवलं. गॅसवर काही नव्हतं. दूधवाला सकाळीच येऊन गेला होता. बेल वाजवणारं कुणी यायचं नव्हतं. त्याने स्वयंपाकघराच्या दाराकडे पाहिलं, मग घड्याळाकडे.

“जेवायला थांबतोस?” त्याने हणमंतला विचारलं.

“का रे? अंधाराच्या आत तालाब गाठायचंय मला.”

“थांब की. मला उठायला काहीतरी पाहिजे.”

हणमंतने पडद्याकडे पाहिलं. रिकाम्या चौकटीत उभी रेघ लुकलुकत होती. त्याने मफलर सोडला आणि खुर्चीच्या पाठीवर टाकला.

“पिठलं करणार असशील तर थांबतो,” तो म्हणाला. “हिरवी मिरची घालून.”

शशिकांतने एका बोटाने, एकेक अक्षर शोधत, ‘पिठलं’ लिहिलं. एंटर दाबलं. आणि उठला.