खुंटीवरचा पांढरा कोट

टक्.

दुपारच्या शांततेत एवढासाच आवाज झाला, आणि पितळेचं बटण फरशीवरून गडगडत बाळाच्या चटईखाली गेलं. मी श्वास रोखला. दीड तास खांद्यावर किरकिर करून पेनी आत्ता कुठे झोपला होता. तो जरासा हलला, झोपेतच ओठ चोखले आणि पुन्हा निजला. मी इस्त्री उभी करून ठेवली. बाबांच्या पांढऱ्या कोटावर तिसऱ्या बटणाच्या जागी नुसता दोरा लोंबत होता.

"तूच ओढलंस ना?" मी फेतूला कुजबुजत विचारलं.

"मी नाही. ते आपोआप सुटलं." फेतूने बोटं पाठीमागे घेतली. "मी फक्त धरलं होतं."

माझी मुलगी साडेपाच वर्षांची आहे आणि खोटं कधी बोलत नाही, फक्त खऱ्याची मांडणी करते. ती सरपटत चटईखाली गेली आणि बटण मुठीत घेऊन बाहेर आली.

हा कोट बाबा वर्षातून चार-पाच वेळाच घालतात. आमचा राजा समुद्रापलीकडे राहतो, इतका लांब की तिथे उन्हाळा असतो तेव्हाही त्याला स्वेटर लागतो म्हणे. त्याच्या जागी इथे बाबा आहेत. गव्हर्नर जनरल एलिया. त्याआधी अडतीस वर्षं ते आमच्या मोतुलोआ बेटावर एलिया गुरुजी होते, आणि त्याही आधी राजधानीच्या मोठ्या बेटावर शिकवायचे. पार्लमेंटच्या बारा सभासदांपैकी सात जण त्यांच्याकडे पाढे शिकलेत, आणि त्यांचं नाव सुचवताना त्यातले दोघे म्हणाले होते की आता तरी ते आम्हाला कोपऱ्यात उभं करणार नाहीत.

कायद्यांवर सही करायची, पंतप्रधानाला शपथ द्यायची, कुणी शंभरी गाठली तर राजाचं पत्र घेऊन त्या घरी जायचं आणि तिथे वाढतील ते सगळं खायचं, अशी कामं. सरकारी घर म्हणजे तीन खोल्या, एक ओसरी आणि एक झेंडा. पहाऱ्याला कोलोआ नावाचा पोलीस, तोच डुकरांनाही खायला घालतो. टायपिस्ट बाई बाळंतपणाला गेली, म्हणून बाबांनी मला बोलावून घेतलं. नवरा मोतुलोआवर मासेमारी करत राहिला, आणि मी दोन पोरं घेऊन महिनाभरासाठी मोठ्या बेटावर आले. महिना संपला की परत जायचं होतं, कारण फेतूची शाळा सुरू होणार होती. तीच शाळा, बाबांची. माझीही.

बटण तुटलं त्याच सोमवारी दुपारी भाषण आलं; बुधवारी पार्लमेंट उघडणार होतं.

पार्लमेंट उघडताना भाषण बाबा वाचतात, पण ते लिहितो पंतप्रधान फिलीमोने, बाबांचाच जुना विद्यार्थी. बाबांनी त्यातला एक शब्दही बदलायचा नसतो. आणि तरी सगळं "माझं सरकार" म्हणून वाचायचं: माझं सरकार दवाखान्यावर नवं छप्पर घालेल, माझं सरकार पावसाच्या पाण्याच्या टाक्या देईल. बाबांचे डोळे अधू झालेत, म्हणून मी ते मोठ्या अक्षरांत पुन्हा टाइप करायचं. पेनी झोपलेला असताना, एका पायाने त्याचा झोका हलवत, मी चौथ्या पानावर आले आणि माझी बोटं थांबली.

"माझं सरकार मोतुलोआची प्राथमिक शाळा बंद करून तिथल्या अकरा मुलांची रोज होडीने मोठ्या बेटावरील शाळेत ने-आण करेल."

रोज होडीने! मोतुलोआला धक्का नाही. ओहोटी असली की होडी प्रवाळाच्या कड्याच्या आत येतच नाही. हे लिहिणाऱ्याला माहीत नव्हतं, मला माहीत होतं. चार दिवस होडी चुकेल, मग कुणीतरी म्हणेल की पोरांना सोमवार ते शुक्रवार इकडे नातेवाइकांकडेच ठेवा. साडेपाच वर्षांची फेतू आठवड्याचे पाच दिवस दुसऱ्याच्या चटईवर झोपणार. तिला झोपताना माझा कान धरायला लागतो.

मी ती ओळ गाळली. वरचं वाक्य खालच्याला जोडलं आणि पान काढून ठेवलं. कुणाला कळलं असतं?

संध्याकाळी बाबांनी ओसरीवर मोठ्याने वाचून पाहिलं. दवाखाना, सुकं खोबरं, टाक्या, मासे. चौथ्या पानावर ते थांबले. चष्मा काढला, पुसला, परत लावला.

"लांगी, इथे काहीतरी गळलंय."

"कुठे?"

"टाक्यांवरून एकदम मासे आले. फिलीमोने असं लिहीत नाही. सहावीपासून त्याची सवय आहे, जे सांगायला जड जातं ते तो मधल्या पानात दडवतो. काय होतं मध्ये?"

मी सांगितलं. सांगता सांगता रडू आलं, त्याचा मला राग आला. बाबांनी पान गुडघ्यावर ठेवलं. अडतीस वर्षं ज्या शाळेची घंटा त्यांनी स्वतःच्या हाताने वाजवली, तिच्याबद्दलचं ते वाक्य होतं.

"परत टाइप कर," ते म्हणाले.

"बाबा!"

"त्या बाराजणांना लोकांनी निवडलंय. मला कुणी निवडलेलं नाही, पोरी. आज मी एक ओळ गाळली, तर उद्या या खुर्चीवर बसणारा दुसरी गाळेल. मग तुमच्या मतांचं काय करायचं? होडीला भोक पडलं तर बुजवायला घेऊ?"

"म्हणजे तुम्ही ते वाचणार? 'माझं सरकार' म्हणून?"

"वाचणार. कोट अंगात असला की माझं तोंड माझं नसतं."

दाराआडून फेतू सगळं ऐकत होती. ती पुढे आली आणि आजोबांच्या समोर उभी राहिली, एक मूठ पाठीमागे.

"आजोबा, कोट घातला की तुम्ही राजा होता?"

"राजा नाही होत. राजाच्या वतीने बोलतो. कोट घातला की बोलणं राजाचं, काढला की आजोबाचं."

"आणि बटण नसलं तर?"

"तर कोट कसा घालायचा!"

"मग मी बटण देणार नाही," फेतू म्हणाली. "मला होडीतून शाळेत जायचं नाही."

बाबा हसायला लागले. मला वाटलं आता समजूत काढतील, पण ते तिच्यासमोर खाली बसले आणि मोठ्या माणसाशी बोलावं तसं बोलले. "ठीक आहे. तुझ्याकडेच ठेव. पण खरं सांगतो, बुधवारपर्यंत दिलं नाहीस तर मी तिथे सेफ्टी पिन लावून जाईन. जायचं तर मला आहेच."

मंगळवारी पंतप्रधान येतो. दर मंगळवारी, चार वाजता. सरकारात काय चाललंय ते त्याने येऊन सांगायचं असतं. आतलं बोलणं बाहेर काढायचं नसतं, पण आमच्या घराच्या भिंती विणलेल्या आहेत आणि पेनी मला हलू देत नव्हता. हे लिहायला मी पुढे दोघांचीही परवानगी घेतली. फिलीमोने म्हणाला, "लिही, फक्त मी किती खाल्लं ते लिहू नकोस."

त्याने खूप खाल्लं. आमच्याकडे खाणं संपेपर्यंत कामाचं बोलत नाहीत. भाजलेला नीरफणस झाला, नारळाच्या दुधातला अळूचा कंद झाला, मासा झाला. कोट खुंटीला होता. बाबा लुंगी आणि जुन्या शर्टावर चटईवर बसले होते.

"पुरे लांगी, पुरे! अंगावरचा शर्ट उसवेल."

"खा रे," बाबा म्हणाले. "मग मला गणित घालायचंय तुला."

"गुरुजी, मी पंतप्रधान आहे आता."

"म्हणूनच. गेल्या मंगळवारी दवाखान्याबद्दल मी तुझी पाठ थोपटली की नाही? तो माझा हक्क. विचारणं हाही हक्क, आणि सावध करणं हाही. हुकूम सोडण्याचा तेवढा नाही. तर विचारतो. मोतुलोआला शेवटचा कधी गेलास?"

"निवडणुकीच्या वेळी."

"भरती होती की ओहोटी?"

फिलीमोनेने हात पुसले.

"आठवत नाही गुरुजी."

"मला आठवतं. भरती होती, म्हणून तुला खांद्यावर बसवून पाण्यातून उतरवावं लागलं नाही. आता गणित. आठची शाळा, होडी सातला सुटली पाहिजे. कड्याच्या आत यायला भरतीच्या आधी दोन तास आणि नंतर दोन तास एवढंच पाणी असतं. भरती रोज पन्नास मिनिटं पुढे सरकते. पंधरा दिवसांत किती सकाळी होडी सुटेल?"

"हे तुम्ही मला आत्ता..."

"पेन्सिल देऊ?"

त्याने पेन्सिल घेतली. वाढणं संपवून मी आतल्या खोलीत बाळाला थोपटत होते, तिथून भिंतीच्या फटीतून पाहिलं. देशाचा पंतप्रधान पोटावर पालथा पडून, स्वतःच्याच भाषणाच्या मागच्या बाजूला आकडे मांडत होता. एकदा खोडलं. पुन्हा मांडलं. कपाळावर घाम.

"पाच," तो म्हणाला. "फार तर सहा."

"नीट बघ. तुझा भागाकार कच्चा होता."

"पाचच, गुरुजी." तो उठून बसला. "शाळेचं ठरवणाऱ्या समितीत कुणी हे बोललंच नाही. सगळे मोठ्या बेटाचे. आमच्याकडे धक्का आहे ना." त्याने पेन्सिल खाली ठेवली. "तुम्ही ती ओळ वाचणार नाही का?"

माझा थोपटणारा हात थांबला. बाबा एक 'नाही' म्हणाले असते तर!

"तू लिहिलीस तशी वाचीन. अगदी स्वल्पविरामासकट."

"मग मला बोलावलंत कशाला?"

"मी कुठे बोलावलं? आज मंगळवार आहे. घे, नीरा घे."

फिलीमोने गेला तेव्हा त्याने काहीच वचन दिलं नव्हतं. मोटारसायकल सुरू करताना त्याने कोलोआलासुद्धा हात केला नाही, याचा कोलोआला राग आला.

"बदललं का?" फेतूने विचारलं.

"माहीत नाही," आजोबा म्हणाले.

"तरी कोट घालणार?"

"घालणार."

ती त्यांच्या पुढ्यात आली. मग मूठ उघडली. बटणाचा गोल ठसा तळहातावर उमटला होता. मी ते शिवलं, दोरा चार पदरी घेऊन, आणि प्रत्येक टाक्याला मनात काहीतरी म्हणत राहिले.

बुधवारी निघायला वीस मिनिटं असताना कोलोआ पळत आला, हातात पाकीट. एकच पान, चौथं, हाताने लिहिलेलं. मी वाचत बसले नाही, वेळच नव्हता. पेनीला मांडीवर घेऊन टाइप करायला बसले. त्याने मध्येच दोन्ही हात आपटले आणि "माझं सरकार"च्या पुढे अकरा पूर्णविराम पडले. तेवढे खोडले. शब्द बोटांखालून जात होते, पण डोळ्यांपर्यंत पोहोचायच्या आत पुढची ओळ येत होती.

सभागृहाला भिंती नाहीत, चारी बाजूंनी वारा येतो. लोक चटयांवर, पोरं खांबांना लटकलेली, म्हाताऱ्यांच्या डोक्यावर ताज्या फुलांच्या माळा. बाबा उभे राहिले. पाचही बटणं चमकत होती. दवाखाना झाला, टाक्या झाल्या.

"माझं सरकार," बाबा त्याच सपाट आवाजात म्हणाले, "मोतुलोआची शाळा चालू ठेवील. आणि त्याबद्दल पुन्हा काही ठरवण्याआधी शिक्षणमंत्री तिथे पंधरा दिवस राहून रोज सकाळी सातला होडीत बसून पाहतील."

मग मागच्या बाजूने मोतुलोआच्या बायकांचा एकच हशा उठला, तो खांबांवरच्या पोरांपर्यंत गेला. शिक्षणमंत्र्यांना होडी लागते हे सगळ्या देशाला ठाऊक आहे. त्यांचा चेहरा आत्तापासूनच हिरवा पडला होता. फिलीमोने मान खाली घालून चटईची वीण पाहत होता, पण त्याचे खांदे हलत होते. बाबा तेवढे हसले नाहीत. त्यांनी पान उलटलं आणि माशांबद्दल वाचायला घेतलं.

संध्याकाळी घरी आल्यावर मी कोट खुंटीला लावला. बाबा ओसरीवर लुंगीत बसून पेनीला मांडीवर नाचवत होते आणि कोलोआला सांगत होते की डुकरांना आज दुप्पट घाल. मी फेतूची वेणी सोडत होते. पुढच्या सोमवारी आम्ही घरी असणार होतो, आणि तिची नवी पाटी पिशवीत होती.

फेतू मात्र खुंटीकडे पाहत होती.

"आई, आजोबा म्हणाले, कोट घातला की बोलणं राजाचं, काढला की आजोबाचं."

"हो."

"मग काल कोट इथे टांगलेला होता आणि आजोबांनी फिलीमोनेमामांना गणित घातलं, तेव्हा बोलत कोण होतं? आजोबा की राजा?"