घोंगड्याची घडी

सुलाबाई सकाळपासून पोलीस ठाण्याच्या पायरीवर बसून होती. नवरा शवागारात आणि पोटचा पोर कोठडीत! वैऱ्यावरसुद्धा अशी वेळ येऊ नये. वडूजकडचं हे मेंढक्यांचं बिऱ्हाड कोरेगावात, ऊस तुटून गेलेल्या रानात खतासाठी मेंढरं बसवायला आलेलं. पहाटे म्हातारा आप्पासो बांधावर डोकं फुटून मेलेला सापडला. आदल्या सांजेला बापलेकांचं भांडण झालेलं. मग काय, ठाण्याच्या मोठ्या साहेबांनी सरळ पोराला, अमृतलाच उचललं. दुपारी दोनला त्याला कोर्टात उभा करायचा होता.

फौजदार क्रांतीला पोरगा निर्दोष वाटत होता. पण नुसतं वाटून काय चुलीत घालायचंय? प्रेताचा मोबाइलवरचा फोटो तिनं शंभरदा बघितला होता. शेवटी जीवावर येऊन तोच सुलाबाईपुढं धरला.

म्हातारी रडता रडता थांबली. "उशाला घोंगडं कुणी दिलं, बाईसाहेब?"

"त्यांनीच घेतलं असंल की."

"न्हाई वो. आमचं घोंगडं खांद्यावर, न्हाईतर अंगावर. आन असली घडी आमच्यात कोण घालतंय?"

क्रांतीनं फोटो मोठा केला. काठाला काठ, कोपऱ्यावर कोपरा, एक सूत इकडंतिकडं नाही. ही घडी ती लहानपणापासून घरात बघत आली होती. सुभेदार उदयसिंह, तिचे वडील, आबा. अठ्ठावीस वर्षं पलटणीत काढलेला माणूस, आपल्या अंथरुणाला दुसऱ्याचा हात लागू देत नसे. आणि त्या बांधापलीकडचा उभा ऊस आबांचाच. देवा, माझे डोळे का नाही फुटले, असं तिला झालं.

ती तडक घरी गेली. आबा खाटेवर बसले होते. तिनं फोटो पुढं केला. त्यांनी तो बघितला न् मान खाली घातली.

"उसात मेंढरं घुसली हुती. मी निस्तं ढकललं गं. दगडावर पडला. डोकं टोचत असंल म्हणून उशाला दिलं."

"आबा, त्याचं पोरगं आत हाय!"

"मला तुझ्याबिगर कोण हाय, क्रांते? फोटू पुसून टाक."

क्रांती तिथंच हमसून हमसून रडली. घड्याळात एक वाजून गेला होता. तिनं पदरानं नव्हे, खाकी बाहीनं डोळे पुसले, कोपऱ्यातली आबांची चप्पल आणून त्यांच्या पायाशी ठेवली.

"उठा आबा."

आबा उठले. सवयीनं खाटेवरची चादर उचलून त्यांनी काठाला काठ लावला, आणि हात तिथंच थांबले.

"असू द्या," ती म्हणाली. "मी आल्यावर घालीन."